मेलेल्या बाईचं काम

“मागच्या भागात विहिरीत पडली ती तुमीच ना?”

बसवकल्याणच्या बसस्टँडवर कलबुर्गीच्या गाडीची वाट बघत बसलेल्या शैलश्रीनं मान वर केली. समोर पांढऱ्या शर्टातला एक माणूस हसत उभा होता. मागं त्याची बायको.

“व्हय, मीच.”

टीव्हीवरच्या, खऱ्या खुनांवर बेतलेल्या मालिकेत मेलेल्या बाईचं काम शैलश्री करायची. नाटकात मोठी भूमिका मिळेल म्हणून गाव सोडलं होतं. मिळालं ते हे. कधी गळा दाबून, कधी जाळून, कधी विष घालून. लोक चेहरा ओळखत. नाव कुणाला ठाऊक नसे.

“मी धनराज, मंठाळचा. ही पूर्णिमा. तुमचा एकबी भाग सोडत न्हाई आमी. हिला शेजारी बसवून दाखवतो. बाईमाणसानं बघावं, काय काय व्हायलंय ते.” तो मोकळेपणानं हसला. “बसा, चहा आणतो.”

तो टपरीकडं वळला तशी पूर्णिमा बाकाच्या कडेला टेकली. नजर नवऱ्याच्या पाठीवरच होती.

“अक्का, एक विचारू? नवरा बाहेरून हाक मारतो तवा तुमी दार उघडता. दर वेळी. कामून उघडता?”

शैलश्रीला हसू आलं. “तसं लिहिलेलं असतंय. उघडलं न्हाई तर गोष्ट पुढं कशी जाईल?”

“पर नसतं उघडलं, तर वाचली असती का ती?”

आवाज इतका हलका होता की शैलश्रीचं हसू तिथंच विरलं. तिनं त्या बाईकडं नीट पाहिलं. पदराआड, कानाखाली, मान निळी झाली होती. तो रंग तिच्या ओळखीचा होता. मेकअपवाला किती वेळ खपून तो तिच्या मानेवर आणायचा.

“माझा नंबर घे,” ती घाईनं म्हणाली.

“फोन यांच्यापाशीच असतोय.”

“मग माझ्यासंगं चल. गाडी आत्ता लागेल. कलबुर्गीत माझी खोली आहे.”

पूर्णिमानं टपरीकडं पाहिलं. “तिथंबी येतील की. बाहेरून हाक मारतील.” मग हळूच म्हणाली, “तवा काय करायचं, अक्का?”

तोवर चहा आला. धनराजनं कप बाकावर ठेवले, खिशातून फोन काढला आणि दोघींच्या मधे येऊन बसला.

“एक फोटो, मॅडम. शेवटी करता ना, तसं तोंड करा. डोळे मोठे करून.”

तिला नाही म्हणायचं होतं. पण कुणी ‘करा’ म्हटलं की चेहरा आपोआप व्हायचा, इतकी सवय झाली होती. तिनं डोळे विस्फारले.

फोटो बघून तो खूश झाला. फोन त्यानं तिच्यापुढं धरला.

मधे धनराज हसत होता. दोन्ही बाजूंच्या बायकांची तोंडं एकसारखी होती. पूर्णिमाला तर त्यानं काही करायला सांगितलंच नव्हतं.