आधी उच्चार

खालापूरजवळच्या एका गावात चावडीवर गोऱ्या साहेबाच्या सहीची नोटीस लागली, तीही सगळी इंग्रजीत. खिळा ठोकून जाताना शिपायानं रानाकडे नुसतं बोट केलं. धोंडूबाईची एकुलती एक म्हैस रोज त्याच रानात चरायला जायची. गावात इंग्रजी येणारे एकच, पेन्शनर गुप्ते मास्तर. त्यांना ती चावडीवर घेऊन आली.

नोटीस वाचता वाचता मास्तरांची कळी खुलली. "वा! काय दुर्मिळ शब्द घातलाय! इम्पाउंड! म्हण बघू, धोंडूबाई."

"पर मास्तर, त्याचा अर्थ काय वो?"

"अर्थ कुठं पळून जातोय? आधी उच्चार. जोर 'पाउं'वर दे."

आठ दिवस धोंडूबाई मास्तरांच्या ओटीवर बसून घोकत होती. मागे म्हैस आपली रानात चरत होती. आठव्या दिवशी मास्तरांनी मांडीवर थाप मारली. "शाबास! अगदी साहेबाच्या तोंडचा उच्चार! अर्थ उद्या सांगतो."

धोंडूबाई हरखून घरी आली, तर गोठा रिकामा. शोधत शोधत ती कोंडवाड्यापाशी पोचली. म्हैस आत उभी होती, अन् तोच शिपाई दाराला कुलूप घालत होता.

"नोटीस लावली व्हती ना, बाई? बंद रानात ढोर घुसलं, का इंपोंड! म्हंजे कोंडवाडा!"

धोंडूबाईनं पदरानं डोळे पुसले.

"इंपोंड नाय रं मेल्या, इम्पाउंड! जोर 'पाउं'वर दे."