ईश्वरकाकांची लिंक

मंगळावर सामना झाला असता, तरी जेसल पार्कातल्या ईश्वरकाकांनी त्याची चोरटी लिंक शोधून अख्ख्या मजल्याला फुकटात दाखवला असता. काकू गेल्यापासून त्या घरात माणसं दिसायची ती सामन्याच्याच दिवशी, आपापल्या खुर्च्या घेऊन आलेली. पण हल्ली तसल्या साइट एकेक करत बंद पडल्या, आणि काकांनी पाठवलेल्या शेवटच्या लिंकने तर शेजारच्या स्वप्नीलचं बँक खातंच धुऊन नेलं. तेव्हापासून खुर्च्या येईनात.

फायनलच्या दिवशी काकांनी मुकाट्याने रीतसर पैसे भरले आणि समोरच्या रसिकाचं दार वाजवलं.

"चल गं, सगळ्यांना बोलाव. या वेळी पैसे भरून घेतलंय हां!"

"काका, तुम्ही आणि पैसे भरून?" रसिकाला हसू आवरेना. "नको बाबा, तुमच्या टीव्हीसमोर नुसतं बसलं तरी खातं रिकामं व्हायचं! आणि आमच्या रिचार्जमध्ये फुकट येते की मॅच."



त्या संध्याकाळी काकांच्या टीव्हीवर चित्र पहिल्यांदाच एकदाही अडकलं नाही, आणि "काका, रिफ्रेश मारा ना!" म्हणून कोणी ओरडलंही नाही.