पहिला गुरू

नेव्हियो तांबुर्लिनला पहिल्या रांगेत बसवलं होतं, नगराध्यक्षाबाईंच्या शेजारी. चर्चमधली रविवारची प्रार्थना आटोपून सगळं कोल्मोर गाव सभागृहात लोटलं होतं. मागच्या टेबलावर हॅमचे काप आणि पांढऱ्या वाइनचे पेले मांडले होते, पण आज तिकडे कुणी फिरकत नव्हतं. सगळे बघत होते ते व्यासपीठावरच्या फोस्का बेल्त्रामेकडे. एकोणीस वर्षांची, ताडमाड पोर. गळ्यात रौप्यपदक. तिहेरी उडीत तेरा मीटर एक्क्याऐंशी; वीस वर्षांखालच्या मुलींत सबंध युरोपात दुसरी.

"आणि आपल्या फोस्काला वाळूत पहिली उडी मारायला कुणी शिकवलं?" नगराध्यक्षाबाईंनी विचारलं आणि स्वतःच उत्तर दिलं, "आपल्या नेव्हियो मास्तरांनी!"

टाळ्या पडल्या. मागून कुणीतरी ओरडलं, "मास्तर, आज तुमच्याकडून हं!" नेव्हियो अर्धवट उठला, हसल्यासारखं केलं, खाली बसला.

हे त्यानंच ओढवून घेतलं होतं. पदक मिळालं त्या संध्याकाळी बारमध्ये असताना वार्ताहराचा फोन आला. "ती तुमच्या गावची. म्हणजे सुरुवात तुमच्याकडेच ना, मास्तर?" भोवती चार दोस्त कान देऊन बसले होते. "मग! माझ्याच मैदानावर," नेव्हियो म्हणाला. दुसऱ्या दिवशी पेपरात त्याचा फोटो आणि वर मथळा: 'पहिला गुरू'. बारवाल्यानं ते कात्रण कॉफीच्या यंत्रावर चिकटवलं. काढ म्हणून सांगायला नेव्हियोला तीन आठवडे जमलं नव्हतं.

सुरुवात त्याच्याकडे झाली होती, हे खरं. पाच मिनिटं. फोस्का तेव्हा अकरा वर्षांची होती. भावाचे मोठे बूट घालून आली होती. लंगडी, ढांग, झेप, सगळं तिनं आपल्या परीनं केलं आणि वाळूत बसल्या बसल्या मास्तरांकडे पाहिलं. नेव्हियोनं तिची आत वळलेली पावलं पाहिली आणि सगळ्या पोरांसमोर म्हणाला, "या पायांनी बदकं चालतात, बाई. उड्या नाही मारत. जा घरी." पोरं खदखदली. पुढे वर्षभर शाळेच्या फाटकात तिला पाहिलं की हीच पोरं बदकासारखी ओरडायची. मग फोस्का बसनं शेजारच्या रिवारोसाला जायला लागली. नेव्हियोनं त्याची चौकशीही केली नव्हती.

आता ती माइकसमोर आली. हातातला कागद घडी करून खिशात टाकला.

"मला फार बोलता येत नाही," ती म्हणाली. "नेव्हियो मास्तरांनी पहिल्याच दिवशी माझे पाय बघितले. तेव्हा ते जे म्हणाले ते मी कधीच विसरले नाही. प्रत्येक उडीच्या आधी आठवतं."

नेव्हियोच्या कॉलरखाली घाम आला होता. बोलून टाक, त्याला वाटलं. एकदाचं बोलून टाक, पोरी.

फोस्का त्याच्याकडे बघत राहिली. तिच्या नजरेत राग असता तरी त्याला बरं वाटलं असतं.

"आभारी आहे," ती म्हणाली आणि पायऱ्या उतरली.

लोक उभे राहून टाळ्या वाजवायला लागले. एक म्हातारी डोळे पुसत होती. फोस्का पहिल्या रांगेपाशी थांबली नाही. फुलं घेऊन ती थेट दाराशी गेली. खुर्ची न मिळाल्यामुळे तिथे एक ठेंगणी बाई भिंतीला टेकून उभी होती. फोस्कानं फुलं तिच्या हातात कोंबली आणि तिच्या खांद्यावर हनुवटी टेकवली.

"ती कोण गं?" मागे कुणीतरी विचारलं.

"मावशी असेल."

नेव्हियोला ठाऊक होतं. ती रिवारोसाची इनेस झांपारो. सकाळी चीजच्या कारखान्यात काम करायची आणि संध्याकाळी पोरांना उड्या शिकवायची. गेली सात वर्षं फोस्का तिच्या हाताखाली होती.

तेवढ्यात एक बाई आपल्या मुलीला पुढे ढकलत त्याच्यासमोर आली. मुलगी आठेक वर्षांची, गुबगुबीत, डोळ्यांवर चष्मा. "मास्तर, हिला घ्या ना तुमच्याकडे. फोस्कासारखी करा हिला."

नेव्हियो उभा राहिला. त्याचा आवाज त्यालाच मोठा वाटला.

"मी फोस्काला काही शिकवलं नाही. हाकलून दिलं होतं तिला. बदक म्हणालो होतो. शिकवलं त्या दारातल्या बाईंनी."

मग नगराध्यक्षाबाई खळखळून हसल्या आणि त्यांनी त्याच्या पाठीवर थाप मारली. "बघा! एवढं मोठं काम केलंय, पण पाय कसे जमिनीवर!"

"खरंच हो," मुलीची आई म्हणाली. "आजकाल कुठे असतात अशी माणसं?" आजूबाजूचे पुन्हा टाळ्या वाजवायला लागले. कुणीतरी त्याच्या हातात वाइनचा पेला दिला.

"अहो, मी खरं सांगतोय," नेव्हियो म्हणाला. त्यावर ते आणखीच हसले.

चष्मेवाली मुलगी तेवढी हसली नव्हती. ती मान वर करून त्याच्याकडे बघत होती.

"मग ती रडली का?" तिनं विचारलं.

ते नेव्हियोनं पाहिलंच नव्हतं. त्या दिवशी "जा घरी" म्हणून झाल्यावर त्यानं पुढच्या मुलाचं नाव पुकारलं होतं.