भाकमोड्या

घाटाखालच्या वाडीत तेव्हा एक जुना शब्द होता, भाकमोड्या. वाघदेवाच्या दगडावर हात ठेवून दिलेली भाक जो मोडेल, त्याला वाघ फाडतो, अशी समजूत. त्याला खांदा मिळत नसे आणि त्याच्या बायकोला वाडीत थारा.

पदू त्या दगडापाशीच सापडला. नरडं फाटलेलं, छातीवर ओरखडे.

"भाकमोड्या!" कोळशाच्या भट्टीवरचा त्याचा सोबती कमळ्या सगळ्यांच्या आधी ओरडला. "फौजदार कशाला? न्याय झाला. मंगळे, नीघ गं वाडीतून."

पदूची बायको मंगळी लाकडं तोडायचा कोयता घेऊन तशीच धावत आली होती. ती म्हणाली, "मंग तू भाक दे. दगडावर हात ठेव न् बोल, पदूला मी मारला नाय."

लोक दचकले. अशी भाक देताना खऱ्याचाही हात कापे.

कमळ्याने हसत दगडावर हात ठेवला. "नाय मारला!"

हात जराही कापला नाही. वाघाला न भिणारा माणूस वाडीत एकच असू शकत होता, पदूच्या अंगावर वाघाचे ओरखडे स्वतः ओढणारा.

त्याने हात उचलायच्या आत मंगळीने कोयता घातला.