उधळलेली घोडी

हमरस्त्यावर ट्रकचा हॉर्न वाजला आणि घोडी उधळली. तिच्या पाठीवर धनगरांचं बिऱ्हाड होतं आणि त्यावर बांधलेलं बायडाचं तान्हं पोर. बायडा अनवाणीच माळ तुडवत मागे धावली. वाटेत पातेलं पडलेलं दिसलं, मग घोंगडी. पुढं पोरच दिसेल, या भीतीनं तिला खाली बघवेना.

टेकाडापलीकडच्या वस्तीवर घोडी शांत उभी होती. ओसरीवर एक अनोळखी बाई पोराला पदराखाली घेऊन बसली होती.

"रडून रडून घसा सुकला व्हता गं त्याचा," ती म्हणाली. "माझंबी तान्हंच हाय, म्हणून घेतलं."

"लागलं न्हाई ना कुठं?"

"खरचटलंसुद्धा न्हाई."

बायडा मटकन खाली बसली आणि पोराचं चुटूचुटू पिणं ऐकत राहिली.