भाकरतुकडा

सकाळी अकरा वाजता रत्नमाला कोर्टाचा आदेश आणि एक हवालदार घेऊन सासरच्या दारात उभी राहिली. नवरा वारल्यावर दिराने तिला मारून बाहेर काढलं होतं. आदेशानुसार आता सासरच्यांनी तिला तिच्या खोलीत राहू द्यायचं होतं आणि पोलिसांनी महिनाभर संरक्षण द्यायचं होतं.

दार लगेच उघडलं. जावेने तिच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकला, पायांवर पाणी घातलं.

"या वहिनी, घर तुमचंच आहे," दीर म्हणाला. "साहेब, चहा घेतल्याशिवाय जायचं नाही."

हवालदाराने दोनदा चहा घेतला. मग अहवालात लिहिलं : वाद सामोपचाराने मिटला, बंदोबस्ताची आवश्यकता नाही.

"साहेब, तुम्ही गेलात की हे मला मारतील," रत्नमाला हळूच म्हणाली.

"अहो ताई, ओवाळून घरात घेतलं की त्यांनी. आणखी काय करायचं माणसांनी?"

तिने सही करायला नकार दिला. त्याने तेही लिहून घेतलं आणि पाऊण वाजता तो निघाला.

दीड वाजता तिच्या वकीलबाईंनी तिला फोन केला. तो दिराने उचलला.

"वहिनी झोपल्यात."

तेव्हापासून फोन बंद आहे.