धुतलेल्या कपबश्या

घरात पाहुणा जेवायला बसलाय आणि हा त्याच्याकडे पाठ करून, नळ धो धो सोडून, धुतलेल्याच कपबश्या पुन्हा धुतोय, ही कुठली रीत? हिल्मा राउतिओ आपल्या मुलाला हे एकोणतीस वर्षं विचारत आली होती. आर्नीने उत्तर कधी दिलं नाही. नळही कधी बारीक केला नाही.

मार्चमधल्या त्या मंगळवारी दुपारी ती अंडी-दूध घोटता घोटता त्याच्याच नावाने करवादत होती. कॉलेजने त्याला सकाळी दहाला बोलावलं होतं. बारा वाजून गेले तरी फोन नाही. कॉलेजची बर्फावरची हॉकी आर्नी शिकवायचा. आधी दोनदा त्याने सगळ्या कॉलेजांत पहिला नंबर आणला होता, पण गेले तीन हिवाळे त्याचा संघ तळाला होता. यंदा त्याची नोकरी राहते की जाते, याच्यावर दुकानात पैजा लागलेल्या. ठरवणारा कॉलेजचा नवा साहेब दक्षिणेकडच्या उबदार भागातून आलेला, गुळगुळीत तळव्यांचे बूट घालणारा. आल्यावर पहिल्याच आठवड्यात दोनदा बर्फाळ पायरीवर आपटला होता.

"ज्याला पायरी उतरता येत नाही, तो बर्फावरचं काय ठरवणार, कपाळ!" हिल्माने भांड्याला सुनावलं, आणि घोटलेलं मिश्रण लोणी वितळवलेल्या ताटात ओतून ओव्हनमध्ये सरकवलं.

पनुकाक्कू, म्हणजे हा ओव्हनमध्ये फुगणारा अंडी-दुधाचा केक, तिच्या घरी एरवी ऑक्टोबरात व्हायचा. ऑक्टोबरात साठ पोरं संघात घ्या म्हणून यायची, आर्नी सव्वीस ठेवायचा. दुसऱ्या कॉलेजांतले शिक्षक निवडलेल्या नावांची यादी मैदानाच्या दारावर डकवून घरी जायचे. आर्नी वगळलेल्या एकेकाला समोर बसवून स्वतः सांगायचा. त्यातल्या ज्याच्या मनाला फार लागलं असेल, त्याला गाडीत घालून आईच्या स्वयंपाकघरात आणायचा.

"दारावर नाव दिसलं नाही की पोरगं चारचौघांत मरतं, आई."

"म्हणून माझ्या टेबलावर मरायला आणतोस होय रे? खानावळ आहे का ही?"

असं म्हणेपर्यंत ताट ओव्हनमधून बाहेर आलेलं असायचं. पोरगं खिडकीजवळच्या खुर्चीत. बैलासारखे खांदे, मान खाली. हिल्मा त्याच्यापुढे फुगलेला, कडेने तांबूस झालेला मोठा तुकडा ठेवायची, वर रानबेरीचा मुरंबा. आणि आर्नी? आर्नी नळापाशी, पाठमोरा.

"अरे, विहिरीचा पंप तुझा मेलेला बाप फिरवतो का? बंद कर ते पाणी! पाहुण्याशी दोन शब्द बोल!"

पोराच्या तोंडाकडे तिने कधी पाहिलंच नाही. भांडायला समोर आर्नीची पाठ असायची ना. दुसरा तुकडा वाढायला वळली की पोरगं खात असायचं, एवढंच तिला माहीत. जिंकून आणलेले चषक कॉलेजच्या कपाटात गेले. छपरावरचं बर्फ उपसायला मात्र तिच्याकडे हीच काढलेली पोरं येत राहिली. एक आता नळजोडणी करतो, एक शाळेची बस चालवतो.

गाडी वाजली. दार उघडलं. आर्नीने बूट काढून भिंतीशी जोडीने नीट लावले. अठ्ठावन्न वर्षांत पहिल्यांदा.

"फोन करायला बोटं झडली होती?"

तो नळाकडे गेला नाही. खिडकीजवळची खुर्ची ओढली आणि तीत बसला. खांदे मोठे, मान खाली.

हिल्माचा हात ओव्हनच्या दारावर थांबला. तोंडातून मात्र दर ऑक्टोबरातला प्रश्न सवयीने निघून गेला. "आज कुणाला काढलं?"

"मला, आई."

गुळगुळीत बुटांच्या सात पिढ्यांना पुरतील एवढ्या शिव्या तिच्या जिभेवर होत्या. तिने त्या गिळल्या. ताट काढलं, कोपऱ्याचा सगळ्यात फुगलेला तुकडा कापला, मुरंबा घातला, त्याच्यापुढे ठेवला आणि समोर बसली.

त्याने एक घास खाल्ला. दुसरा तोंडात तसाच राहिला. हनुवटी थरथरली. त्याने बशीकडे पाहिलं, खिडकीकडे पाहिलं, परत बशीकडे. चार पावलांचं स्वयंपाकघर. तोंड लपवायला जागा नव्हती. आणि समोर आई, टक लावून बघत बसलेली.

हिल्मा उठली. नळापाशी गेली. जाळीवर सकाळीच धुतलेल्या तीन कपबश्या होत्या, कोरड्या, स्वच्छ. तिने पहिला कप उचलला आणि नळ पूर्ण सोडला. तळघरात पंप घरघरायला लागला. पाणी धो धो पडत होतं. त्या पाण्याच्या आवाजाखाली, तिच्या पाठीमागे, एक आवाज आला. तिने तो ऐकला नाही.

कप धुतला. बशी धुतली. पुसली. पुन्हा धुतली. तिन्ही झाल्यावर पहिल्यापासून सुरुवात केली.

बऱ्याच वेळाने काटा बशीला लागल्याचं वाजलं. मग आणखी एकदा. तो खात होता.

तिने नळ बारीक केला नाही, वळूनही पाहिलं नाही.

"आर्नी," ती भिंतीकडे बघत म्हणाली, "कपबश्या तू बरोबरच धुवायचास."